लाकडाची आस

मिरजेतल्या आमच्या घरात माणसं वरच्या मजल्यावर राहतात आणि तंबोरे खाली. खालच्या खोलीत पंढरपूर भागातून आलेले भोपळे भिंतीला टेकून वाळत असतात, तुणीच्या लाकडाचा नि लाखेचा वास भरलेला असतो, आणि खिडकीपाशी पोत्यावर बसून नानाकाका जवारी काढत असतात. चाळीसहून जास्त वर्षं हेच काम. मी त्यांची पुतणी. घरात तारांचा एवढा पसारा असताना मी व्हायोला उचलला आणि पुण्यात चौदा जणांच्या एका तंतुवृंदात वाजवू लागले, ही गोष्ट त्यांनी स्वीकारली आहे. मान्य केलेली नाही.

या दिवाळीला घरी आले ती स्वरलिपीची वही घेऊनच. पुढच्या महिन्यात आम्हाला नेय रोसाउरो या ब्राझिलियन संगीतकाराचा मारिंबा आणि तंतुवृंदासाठीचा कॉन्चेर्टो वाजवायचा होता. पाडव्याच्या दुसऱ्या दिवशी हत्यारांच्या पेटीवर छोटा स्पीकर ठेवून मी ध्वनिमुद्रण लावलं. काकांची कानस थांबली.

नानाकाका : सुतार आलाय का गं कुणाकडं?

मी : मारिंबा आहे काका ती. लाकडाच्या पट्ट्या असतात, प्रत्येकीखाली धातूची नळी. दोन्ही हातांत मिळून चार मॅलेट. म्हणजे टोकाला लोकरीचं सूत गुंडाळलेल्या काठ्या.

नानाकाका : काष्ठतरंग म्हण की सरळ. सिनेमाच्या गाण्यांत घोडागाडी जायला लागली की वाजायचं ते.

मी : जात तीच, पण पल्ला मोठा. पूर्ण मारिंबा पाच सप्तकांची असते, एकसष्ट पट्ट्या. जपानच्या केइको आबे यांच्याबरोबर काम करत यामाहा कंपनीनं 1980च्या दशकात ती तिथवर खाली नेली. तिचा सगळ्यांत खालचा स्वर म्हणजे चेलोची सगळ्यांत जाड मोकळी तार.

नानाकाका : स्वर खाली नेला हे कळलं. पण टिकतो कुठं? बघ, वाजला नि मेला. वाजला नि मेला. आता हे बघ.

त्यांनी मांडीवरच्या तंबोऱ्याची जोडाची तार छेडली आणि बोट वर करून थांबले. तार गुणगुणत राहिली. स्पीकरमधल्या मारिंबानं तेवढ्यात शंभरएक स्वर वाजवून संपवले असतील.

नानाकाका : याला आस म्हणतात. स्वर सुटल्यावर मागं जे राहतं ते. वाद्य म्हणजे तेवढंच. बाकी सगळं सुतारकाम. ज्या वाद्याला आस नाही त्याला मधोमध उभं करायचं आणि ज्यांच्याकडं गज आहे, पाहिजे तेवढा स्वर धरायची ताकद आहे, त्या सगळ्यांना मागं बसवायचं. ही उलटी वरात कुणी काढली?

मी : रोसाउरो स्वतः तालवाद्यं वाजवणारा. 1952चा, रिओचा. ब्राझिलियात शिकला, मग जर्मनीत वुर्झबुर्गला झिगफ्रिड फिंक यांच्याकडं. 1986मध्ये हा कॉन्चेर्टो लिहिला आणि मुलाला, मार्सेलोला, अर्पण केला. पहिल्यांदा वाजवलाही रोसाउरोनंच, अमेरिकेत विस्कॉन्सिन राज्यातल्या मॅनिटोवॉक नावाच्या लहान गावाच्या वाद्यवृंदाबरोबर. चार भाग आहेत. पोर्तुगीज नावांचं मराठी केलं तर सलाम, विलाप, नृत्य आणि निरोप.

नानाकाका : नावं चांगली आहेत. विलाप कसा करते ती? रडणाऱ्याचा स्वर लांबतो. हिला लांबवताच येत नाही.

मी : रोल करते. एकाच पट्टीवर, नाहीतर दोन-तीन पट्ट्यांवर, मॅलेट इतक्या भरभर आलटून पालटून पडतात की लांबून अखंड स्वर वाटतो.

नानाकाका : म्हणजे फसवणूक.

मी : मग तंबोरा काय करतो? तुमचीही तार छेडली की मरायलाच लागते. ती पुरती मरायच्या आत पुढची छेडता, मग तिच्या पुढची, मग खर्ज. चार मरणाऱ्या तारांची साखळी आहे ती. अखंड काही नसतंच. आपल्या कानांना तसं वाटतं.

काका हसले नाहीत, पण कानस खाली ठेवली. वादात ते हत्यार खाली ठेवतात तेव्हा समजायचं, मुद्दा लागला आहे.

नानाकाका : साखळी आहे, कबूल. पण माझ्या कड्या एकमेकींत अडकतात. जवारीमुळं. घोडीचा माथा असा घासायचा की तारेनं त्याला नुसतं चाटत जावं. मग एका तारेतून दहा स्वर निघतात, आणि एकीचा शेवट कुठं नि दुसरीची सुरुवात कुठं, ते ब्रह्मदेवाला कळत नाही. तुझ्या रोलमध्ये मला प्रत्येक टोला मोजता येतो.

मी : खराब रोलमध्ये मोजता येतो. वरच्या पट्ट्या क्षणात विझतात म्हणून तिथं हात भरभर चालवायचे, खालच्या जास्त वेळ घुमतात म्हणून तिथं सावकाश. सगळीकडं एकच वेग ठेवला तर खाली चिखल होतो आणि वर तुमचा सुतार येतो. शिवकुमार शर्मांनी 1955मध्ये मुंबईत पहिल्यांदा संतूर वाजवलं, तेव्हाही जाणकारांचा आक्षेप हाच होता ना? मींड नाही, स्वर टिकत नाही. त्यांनी काड्या तारांवर घसरवून त्यातूनच वाट काढली.

नानाकाका : संतूरला निदान तार आहे. लाकूड ते लाकूडच.

मी : कुठलं लाकूड, माहीत आहे? मध्य अमेरिकेतलं, बेलीझच्या बाजूचं रोझवुड. आपल्या शिसवीची सख्खी चुलत बहीण. वनस्पतिशास्त्रात दोघींचं आडनाव एकच, डाल्बर्जिया.

हे ऐकून मात्र ते उठले. कोपऱ्यातल्या खोक्यातून शिसवीचा एक तुकडा काढला, खुंट्यांसाठी आणलेल्या लाकडातला उरलेला. वीतभराहून थोडा लांब, दोन बोटं रुंद. मधोमध चिमटीत धरून त्यावर दस्त्यानं टिचकी मारली. टक्. मेलेला आवाज.

मी तुकडा हातात घेतला. एका टोकापासून साधारण पाव लांबी मोजली, तिथून केसभर टोकाकडं सरकून दोन बोटांत अलगद धरला. आता मारा म्हटलं. टण्ण. तुकडा गायला.

नानाकाका : परत.

परत मारलं. परत गायला. मग त्यांनी स्वतः बोटं सरकवत सरकवत ती जागा शोधली. टोकाकडं गेलं की आवाज बसायचा, मध्याकडं गेलं की बसायचा. एकाच जागी मोकळा व्हायचा.

मी : लांबीच्या साधारण बावीस टक्क्यांवर असते ती जागा. दोन्ही टोकांकडून एकेक. पट्टी थरथरते तेव्हा मधला भाग वर-खाली होतो, टोकंही होतात, पण या दोन जागा जवळजवळ स्थिर राहतात. मारिंबाच्या पट्टीला तिथंच भोकं पाडून दोरी ओवतात. पट्टी दोरीवर नुसती तरंगते. कुणी तिला गच्च धरलं की संपली.

नानाकाका : आणि स्वर कसा लावतात? खुंटी तर नाही.

मी : पट्टीच्या पोटाला घासून. मधोमध कमान कोरतात. मधून लाकूड काढलं की स्वर उतरतो, टोकांकडून काढलं की चढतो. कमान अशी कोरायची की मूळ स्वराबरोबर जो वरचा स्वर उमटतो, तो बरोबर दोन सप्तकं वरचा यावा. झायलोफोनला तो एक सप्तक आणि पंचमावर ठेवतात, म्हणून तो टणटणीत वाजतो. मारिंबाला दोन सप्तकांवर, म्हणून ती गोल वाजते.

नानाकाका : जरा जास्त घासलं गेलं तर?

मी : टोकं घासून परत चढवायचा. पण फार चुकलं तर पट्टी गेली.

नानाकाका : मग सुतारकाम म्हटलं ते मागं घेतो. हे जवारीचंच काम आहे. ते पोटाला करतात, आम्ही माथ्याला.

त्यांनी तुकडा आपल्या मांडीशी ठेवला, खोक्यात परत टाकला नाही. स्पीकरवर पहिला भाग संपत आला होता.

मी : अजून एक ऐका. या वाद्याखाली आधी धातूच्या नळ्या नव्हत्या. भोपळे होते.

नानाकाका : थट्टा करतेस.

मी : खरंच. मारिंबा हा शब्दच मुळात आफ्रिकेतल्या बांटू भाषांमधला. ग्वाटेमालात आजही जुन्या पद्धतीच्या मारिंबा आहेत, प्रत्येक पट्टीखाली त्या-त्या मापाचा वाळका भोपळा टांगलेला. तिथं 1978मध्ये तिला राष्ट्रीय वाद्य ठरवलं. आणि त्या भोपळ्याला खाली एक भोक पाडून, मेणाचं कडं करून, त्यावर डुकराच्या आतड्याचा पातळ पापुद्रा ताणून चिकटवतात. पट्टी वाजली की पापुद्रा झणझणतो. त्यांना तो झणझणाट हवाच असतो. त्याशिवाय आवाज बोडका वाटतो म्हणे.

काका कितीतरी वेळ गप्प बसले. मग भिंतीकडं, भोपळ्यांच्या रांगेकडं बघून बोलले.

नानाकाका : जवारी आहे की गं ती. सातासमुद्रापार बसून आमचंच काम करणारे लोक. आणि तुझ्या या वाद्यात कुठं आहे तो झणझणाट? मला तर ऐकू येत नाही.

मी : नाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला शिकागोच्या डीगन कंपनीनं आणि त्या काळच्या इतर कारखान्यांनी मारिंबा नव्यानं घडवली. भोपळे गेले, धातूच्या बंद नळ्या आल्या. प्रत्येक नळीची लांबी त्या स्वराच्या लहरीच्या पाव. 440 कंपनांच्या स्वराला वीस सेंटिमीटरला जरा कमी नळी पुरते. सगळ्यांत खालच्या स्वराला जवळजवळ एक मीटर तीस लागते, आणि वाद्याची उंची तेवढी नसते. म्हणून ती वाकवावी लागते. पापुद्रा मात्र टिकला नाही.

नानाकाका : आम्ही जवारी काढतो. त्यांनी काढून टाकली. का?

मी : सभागृहात जायचं होतं ना. व्हायोलिनच्या शेजारी झणझणाट चालला नसता.

नानाकाका : हेच. हेच मला खुपतंय मघापासून, आता सापडलं. आस नाही हा तिचा दोषच नव्हता. तिला तिची स्वतःची आस होती, भोपळ्यातली, पापुद्र्यातली. ती काढून घेतली, तिला धुऊनपुसून कोट घातला, आणि मग वर म्हणायचं, बघा, बिचारीला स्वर धरता येत नाही, हिच्यामागं तंतुवाद्यं बसवा. आधी पाय काढायचे आणि मग कुबड्या द्यायच्या.

एवढा नेमका घाव मला अपेक्षित नव्हता. खरं सांगायचं तर उत्तर लगेच सुचलं नाही. मी आधी आठवणीतल्या इतिहासाकडं वळले.

मी : पण कोट तिला कुणी घातला, तेही बघा. मारिंबासाठीचा पहिला कॉन्चेर्टो म्हणून ज्याचं नाव घेतात तो पॉल क्रेस्टनचा, 1940चा. तो लिहून घेतला फ्रेडरिक पेट्रिडीस यांनी. नाव पुरुषाचं वाटलं तरी त्या बाई होत्या, आणि न्यूयॉर्कमध्ये फक्त स्त्रियांचा वाद्यवृंद चालवायच्या. बायकांना मोठ्या वाद्यवृंदांत खुर्ची मिळत नव्हती म्हणून तो काढलेला. मारिंबा वाजवली रूथ स्टुबर यांनी. त्याआधी पाचच वर्षं क्लेअर मसर यांनी शंभर मारिंबांचा ताफा कार्नेगी हॉलमध्ये उभा केला होता. लोक जत्रा बघायला यावेत तसे यायचे. जत्रेतल्या वाद्याला, ज्यांना स्वतःलाच बाहेर ठेवलं होतं त्या बायकांनी, गंभीर वाद्य म्हणून आत घेतलं. ही साधी गोष्ट नाही.

नानाकाका : साधी नाही. पण आत घेताना दारात चप्पल काढायला लावली ना? तेवढंच म्हणतोय मी.

मी : चप्पल काढली, चाल तीच ठेवली. रोसाउरोचं ऐका. पहिल्या भागात ताल सरळ चालतच नाही. दोनाचे गट, तीनाचे गट एकमेकांत मिसळलेले. ब्राझीलची नाचरी लय आहे ती, मधून जॅझ डोकावतो. आम्ही गजवाले चुकतो तिथंच. आम्हाला लांब ओढायची सवय, आणि तिथं गज फटकारून लगेच उचलावा लागतो. लाकूड आम्हाला शिकवतं. वरात उलटी म्हणालात ना, तर हो, उलटीच आहे. तिथं आम्हीच तालवाद्य होतो.

नानाकाका : आणि सुराचं काय करता? ती तर एकदा घासली की घासली. तुमची बोटं मोकळी.

मी : तिच्याकडं जातो. गांधार जरा उतरवायचा मोह होतो आम्हाला, गोड लागतो म्हणून. चौदा जणांत असतो तेव्हा उतरवतोही. पण ती वाजते तिथं तिचाच गांधार खरा. नाहीतर भेग ऐकू येते.

नानाकाका : म्हणजे गवयानं पेटीला गळा लावायचा. हे आमच्या पिढीनं भरपूर भांडून झालंय. पेटीवर रेडिओत बंदी होती वर्षानुवर्षं, तरी ती घरोघरी गेलीच. मी भांडणार नाही. पण एक सांग, तुला हे संगीत आवडतं का? माझ्याशी वाद घालायचा म्हणून बोलतेस की आवडतं?

प्रश्न अडचणीचा होता. तालीम सुरू होण्याआधीपासून तो माझ्या डोक्यात होता.

मी : संशय आहे मला. फार सोपेपणानं आवडतं ते. सुरावटी पहिल्या ऐकण्यात डोक्यात बसतात. जगभरात मारिंबा शिकणारा जवळजवळ प्रत्येक विद्यार्थी हा कॉन्चेर्टो कधी ना कधी वाजवतो. तंतुवृंद मिळाला नाही तर पियानोबरोबर, वाऱ्याच्या वाद्यांच्या वृंदाबरोबर, नुसत्या तालवाद्यांबरोबर, सगळ्या आवृत्त्या तयार आहेत. एव्हलिन ग्लेनींनी तो मुद्रित केला, त्याच तबकडीवर अकिरा मियोशींचाही मारिंबा नि तंतूंसाठीचा कॉन्चेर्टो आहे, 1969चा. तो ऐकला की अंगावर येतो. तिथं तंतू नि लाकूड एकमेकांना गोंजारत नाहीत, ओरबाडतात. त्याच्यापुढं रोसाउरो म्हणजे वाजवणाऱ्यानं वाजवणाऱ्यांसाठी, हाताला सोयीचं म्हणून केलेलं वाटतं.

नानाकाका : मग त्यात वाईट काय?

मी : तुम्ही त्याची बाजू घेताय?

नानाकाका : आपल्याकडं रचणारा निराळा आणि वाजवणारा निराळा कधी होता गं? बंदिश बांधली ती गाणाऱ्यानं. गळ्यात बसेल अशी बांधली म्हणून तर शिष्य गाऊ शकले, आणि शिष्यांनी गायली म्हणून ती राहिली. हाताला सोयीचं असणं हा गुण आहे. माझा तंबोरा मांडीला टोचला तर कुणी घेईल का? तुझा तो जपानी मोठा असेल. पण पोरं ज्याच्यावर हात बसवतात, तो पाया असतो. पायाला कुणी हार घालत नाही एवढंच.

बाजू अशा बदलल्या. मी ज्याचं वकीलपत्र घेऊन बसले होते त्यावर मीच शंका काढत होते, आणि ज्यांना सुतारकाम ऐकू आलं होतं ते त्याच्या पाठीशी उभे राहिले होते. दरम्यान दुसरा भाग सुरू झाला होता. विलाप. आम्ही दोघं बोलायचं थांबलो.

संथ लयीत मारिंबाचे स्वर एकेक करून पडत होते, आणि तंतू त्यांच्याखाली पसरलेले. काकांनी डोळे मिटले. माझी वही मांडीवर उघडी होती.

मी : काका, एक गंमत सांगू? व्हायोलाच्या वाट्याला अशा संथ जागी फारसं काही नसतं. लांबलचक स्वर धरायचे. वहीत बघितलं तर नुसती पोकळ अंडी दिसतात, ओळीनं. पहिल्या तालमीला मला कंटाळा आला होता. दुसऱ्या तालमीला मारिंबा समोर आली. तिनं एक स्वर टाकला, तो विझला, आणि तोच स्वर माझ्या गजाखाली चालू होता. कुणालाही वाटलं असतं, तिचाच टिकला. कधी तिनं सोडला नि मी धरला, हे मलाच कळलं नाही. मग मला गज हलकाच धरायला लागला. जरा जोर झाला की चोरी पकडली जाणार. आम्ही गजवाले जास्त वाजलो तर ती बुडतेही. तिच्या मधल्या पट्ट्या नि आमचे स्वर एकाच गल्लीत राहतात.

नानाकाका : म्हणजे तू तंबोरा झालीस.

मी : नाही काका, इथं मी तुमच्याशी वाद घालणार. तंबोरा जागेवरून हलत नाही. राग कुठंही जावो, तो षड्ज धरून बसतो. आम्ही हलतो. ती विलाप करत असते तेव्हा आम्ही खालून स्वरांची जमीनच बदलतो, आणि तिचा तोच स्वर एकदम दुसराच वाटायला लागतो. आणि तिसऱ्या भागात नाच सुरू झाला की उत्तरंही देतो. ही सोबत आहे, आधार नाही.

नानाकाका : आधाराला तू कमी समजतेस, कारण तुला अजून कुणी आधार म्हणून बसवलं नाही. असो. पण मघाची कुबड्यांची गोष्ट मी अर्धीच मागं घेतो. अर्धी नाही घेणार. भोपळा काढला ते काढलाच.

मी : अर्धी पुरे. आणि त्या अर्ध्यात माझाही मुद्दा ऐका. तुम्ही आस म्हणजे स्वर सुटल्यावर मागं राहतं ते, असं म्हणालात. पण आस म्हणजे ओढही. मारिंबाकडं पहिली नाही म्हणून दुसरी आली. एमानुएल सेजुर्ने या फ्रेंच संगीतकारानं 2005मध्ये बोगदान बाकानू यांच्यासाठी मारिंबा आणि तंतूंचाच कॉन्चेर्टो लिहिला. स्वभाव अगदी वेगळा, पण जोडी तीच. क्रेस्टनच्या पूर्ण वाद्यवृंदात पितळी वाद्यं होती, बासऱ्या होत्या. नंतरच्यांनी पुन्हा पुन्हा ती सगळी गर्दी बाजूला करून फक्त तंतू का ठेवले? मला वाटतं, जिला स्वर सोडावाच लागतो, तिला धरणारा समोर हवा. आणि ज्याला स्वर धरता येतो त्याला सोडायला शिकवणारं कुणीतरी.

नानाकाका : हे तू बरं बोललीस. पण वाक्य जरा लांबलं. तुझ्या वाद्यासारखं.

मग ते खरोखर हसले. चहा आला. चौथ्या भागात मारिंबाची एकटीची जागा येते, तंतू गप्प बसतात आणि ती चारही मॅलेटांनी जे जमतं ते सगळं एकदा करून दाखवते. त्या भागाचं नाव निरोप. काकांनी कप हातात तसाच ठेवून ते ऐकलं. ते संपल्यावर म्हणाले, "पोराला दिलं म्हणालीस ना हे? बापानं पोराला द्यायचं आणि शेवटाला निरोप ठेवायचा. हुशार आहे माणूस." आवडलं का, असं मी विचारलं नाही, आणि त्यांनी सांगितलंही नाही.

मी स्पीकर बंद केला. त्यांनी काळी पाचचा तो तंबोरा पुन्हा मांडीवर घेतला, जोडाच्या तारेखालचं सूत नखानं सरकवलं. आवाज उघडला, खोली भरली. मला वाटलं, विषय संपला. पण त्यांनी तंबोरा माझ्याकडं दिला, छेडत राहा म्हणाले, आणि मांडीशी ठेवलेला शिसवीचा तुकडा उचलला. बावीस टक्क्यांची जागा आता त्यांच्या बोटांना पाठ झाली होती. टिचकी मारली. तंबोऱ्याच्या षड्जाहून दोन सप्तकं वर, पण चढा. जवळजवळ रिषभाला टेकलेला.

त्यांनी तुकडा उलटा केला, पटाशीनं मधोमध एक पातळ ढलपी काढली, मग कानस घेतली. घासलं, भुसा फुंकला, धरलं, वाजवलं. घासलं, फुंकलं, वाजवलं. मी चारी तारा छेडत होते आणि तो तुकडा प्रत्येक वेळी केसाकेसानं खाली येत होता.

"अजून चढाच आहे," ते म्हणाले. "तू थांबू नकोस."